जनरल होईपर्यंत जिवंत राहणं

बिटलाइफ खेळणाऱ्या माझ्या ओळखीतल्या कुणालाच फौजेत जायचं नसतं. कुणाला बँक लुटायची असते, कुणाला तुरुंगातून पळायचं असतं, कुणाला सात लग्नं करून बघायची असतात. खेळ बेतलेलाही तसाच आहे. कँडीरायटर कंपनीने तो २०१८ च्या सप्टेंबरात आयफोनवर आणला, पुढच्या वर्षाच्या सुरुवातीला अँड्रॉइडवर आला. चित्रं नावापुरती, बाकी सगळा मजकूर. तुम्ही जन्माला येता, हिरवं बटण दाबलं की एक वर्ष सरतं, त्या वर्षात काय घडलं ते दोन-चार ओळींत कळतं. खाली चार पट्ट्या असतात: आनंद, आरोग्य, बुद्धी, रूप. मधूनच एखादी खिडकी उघडते आणि विचारते, आता काय करणार? तिथल्या पर्यायांत एक तरी हमखास आगाऊ असतो, आणि बोट आपसूक त्याच्याकडे जातं.

मला मात्र एक आयुष्य नाकासमोर चालवायचं होतं. अमेरिकेच्या लष्करात अधिकारी म्हणून शिरायचं आणि चार ताऱ्यांचा जनरल होऊन बाहेर पडायचं. अमेरिका निवडण्याचं कारण साधं आहे. तिथे जन्म घेतला की लष्कर, नौदल, हवाई दल, मरीन आणि तटरक्षक दल अशी पाच दारं समोर येतात, आणि हुद्द्यांची उतरंड खऱ्या अमेरिकी फौजेवरून घेतलेली आहे. आपण शिडीच्या कितव्या पायरीवर आहोत हे डोळे मिटून सांगता येतं.

फौजी करिअर याआधी मी सिम्स या माणसांचं रोजचं आयुष्य चालवायच्या खेळात केलं होतं. २००४ च्या सिम्स २ मध्ये शिडीच्या टोकाला जनरल होता. २००९ च्या सिम्स ३ मध्ये त्याच शिडीच्या टोकाला चक्क अंतराळवीर होता. व्यायाम आणि दुरुस्तीकाम ही दोन कौशल्यं वाढवत नेली की माणूस अवकाशात. सिम्स ४ मध्ये तर फौजेसाठी २०१९ च्या फेब्रुवारीत स्ट्रेंजरव्हिल नावाचा वेगळा पॅक घ्यावा लागला. तिथे पुढे अधिकारी आणि गुप्त मोहिमा अशा दोन वाटा फुटतात. पण सिम्समध्ये फौजेत जाऊन मरायची भीती नव्हती. गणवेश चढवायचा, मूड चांगला ठेवायचा, संध्याकाळी घरी यायचं. बिटलाइफमध्ये नोकरी करताना माणूस खरोखर मरतो, आणि मेल्यावर त्या आयुष्याचा हिशेब बंद. पैसे देऊन वर्षं मागे नेण्याची सोय आहे, पण ती वापरायची नाही असं मी सुरुवातीलाच ठरवून टाकलं होतं. नाहीतर या सगळ्यात राम काय?

जन्माच्या वेळी मुलगी निवडली. बुद्धी आणि आरोग्य दोन्ही बरे निघेपर्यंत नवे जन्म घेत राहिलो. यात लाजण्यासारखं काही नाही, सगळे हेच करतात. रूपाची पट्टी अर्ध्याच्या खाली होती, ती तशीच राहू दिली. फौजेच्या कामात तिचा मला काही उपयोग दिसत नव्हता.

पहिली सतरा वर्षं कुणाला सांगण्यासारखी नाहीत, आणि तोच त्यांचा गुण. दर वर्षी शाळेच्या पानावर जाऊन अभ्यास वाढवायचा, वाचनालयात जायचं, पुस्तक वाचायचं, जिम उघडली की जिम, ध्यानधारणा, आजारी पडली तर लगेच डॉक्टर. मधल्या काळात खेळ आपलं काम करत होता. पार्टीत कुणी काहीतरी ओढायला पुढे करतं. वर्गातली एक मुलगी येऊन अपमान करते आणि हाणायचा पर्याय अगदी वर, ठळक. कुणी म्हणतं, चल, त्या गाडीतून चक्कर मारू. दुसऱ्या कुठल्याही आयुष्यात मी हे सगळं आनंदाने केलं असतं. इथे नाही म्हणत गेलो, कारण पोलिसांच्या दप्तरात एकदा नाव चढलं की भरतीचं दार बंद होतं, आणि मारामारी पोलिसांपर्यंत जाईल की नाही हे आधी कळत नाही.

इथेच मला या वाटेचं मर्म लक्षात आलं. बाकी सगळ्या वाटांवर काहीतरी करून यश मिळतं: गाणी काढा, घरं विका, माणसं संपवा. फौजी वाटेवर बहुतेक वेळा न करून मिळतं. बटणं समोर असतात, ती दाबायची नसतात. पुढे सुरुंगांच्या मैदानावर हे अक्षरशः खरं ठरलं, पण त्याकडे येतो.

अठराव्या वर्षी दोन रस्ते फुटतात. एक म्हणजे शाळा संपली की थेट शिपाई म्हणून भरती. दुसरा, चार वर्षं विद्यापीठ करून अधिकारी म्हणून अर्ज. आधीच्या एका आयुष्यात मी पहिला रस्ता धरला होता. तो वाईट नाही. पगार लगेच सुरू होतो आणि शिक्षणकर्जाचं ओझं नसतं. पण शिपायाची शिडी वेगळी आणि अधिकाऱ्याची वेगळी. अमेरिकी फौजेत शिपायांच्या श्रेण्या ई-१ ते ई-९, अधिकाऱ्यांच्या ओ-१ ते ओ-१०. ई-९ ला पोहोचलेला सार्जंट मेजर तीस वर्षांचा अनुभव घेऊन उभा असला तरी कागदोपत्री काल आलेला ओ-१ सेकंड लेफ्टनंट त्याच्या वर. माझं ते आयुष्य सार्जंटच्या पट्ट्यांपर्यंत गेलं आणि मग पुढे जनरलपद दिसेच ना, कारण ते त्या शिडीवर नव्हतंच.

म्हणून या वेळी विद्यापीठ. पैशांसाठी आधी शिष्यवृत्तीचा अर्ज करायचा, ती नाकारली तर आईवडिलांना विचारायचं, ते नाही म्हणाले तरच कर्ज. बुद्धीची पट्टी वर ठेवली होती, शिष्यवृत्ती मिळाली. विषय कुठलाही चालतो. अधिकारी होण्यासाठी पदवी लागते, ती कशातली आहे हे कुणी विचारत नाही. मी इतिहास घेतला, निव्वळ हौस म्हणून. विद्यापीठाच्या वर्षांतही तेच: अभ्यास, वाचनालय, जिम, आणि रात्रीच्या आमंत्रणांना नकार.

पदवी हातात पडली तेव्हा बाई बावीस वर्षांच्या होत्या. व्यवसायाच्या पानावर जाऊन फौज निवडली, लष्कर निवडलं, अधिकारी म्हणून अर्ज टाकला. पुढच्याच क्षणी सेकंड लेफ्टनंट. इथून पुढे मी तिला तिच्या खेळातल्या नावाने हाक मारणं सोडलं. ती लेफ्टनंटबाई झाली, आणि हुद्दा बदलेल तसं नाव बदलत गेलं.

लेफ्टनंटबाईंची पहिली वर्षं कंटाळवाणी गेली. नोकरीच्या पानावर कामगिरीची एक पट्टी असते. दर वर्षी तिथे जायचं, जास्त मेहनत करण्याचं बटण दाबायचं, मग हिरवं बटण. वरिष्ठांशी संबंधांचीही पट्टी असते, तीही बघायची. अधूनमधून गप्पा, अधूनमधून कौतुक. सहकारी कुरापत काढतात, त्यावर वरिष्ठांकडे तक्रार करण्यापेक्षा दुर्लक्ष केलेलं मला स्वस्त पडलं. फर्स्ट लेफ्टनंटची बढती तुलनेने लवकर आली, कॅप्टनची त्यामागून. तोवर मला वाटायला लागलं होतं की हे फारच सोपं आहे. मग तैनातीचा आदेश आला.

तैनाती म्हणजे या खेळात एकच गोष्ट: सुरुंगांचं मैदान. मजकुराचा खेळ अचानक थांबतो आणि समोर चौकोनी घरांची जाळी उघडते. ज्यांनी कधीकाळी कार्यालयातल्या संगणकावर काम सोडून माइनस्वीपर खेळला असेल त्यांना काही सांगायला नको. मायक्रोसॉफ्टने १९९२ मध्ये विंडोज ३.१ सोबत तो घरोघर पोहोचवला. घर उघडलं की आकडा दिसतो. त्या घराला चिकटलेल्या आठ घरांत मिळून किती सुरुंग आहेत ते तो सांगतो. सुरुंगाचं घर उघडलं की संपलं. फरक एवढाच, की संगणकावर हरल्यावर पिवळ्या चेहऱ्याचे डोळे फुल्यांचे होत, आणि इथे सतरा वर्षांचं शिस्तीतलं बालपण, चार वर्षांची शिष्यवृत्ती आणि कॅप्टनपद एका बोटासरशी मातीत जातं.

लोक इथे कसे मरतात हे मी पाहिलं आहे. आकडे दिसतात तोवर जातात, मग अडले की कुठेतरी ठोकतात. लक बाय चान्स. मी त्याआधी संगणकावर जुना माइनस्वीपर उघडून हात बसवून घेतला होता, कारण एका गणिताने मला घाबरवलं होतं. समजा तुम्ही दर मैदान दहापैकी नऊ वेळा पार करता. ऐकायला झकास वाटतं. पण कारकिर्दीत पाच तैनात्या आल्या तर पाचही पार होण्याची शक्यता साधारण ५९ टक्के उरते. म्हणजे दहातले चार अधिकारी, नव्वद टक्के कौशल्य असूनही, पाचवं मैदान पार होण्याआधीच गेले. बढतीची सगळी धडपड या एका गुणाकारासमोर फिकी आहे. जनरल व्हायचं तर मैदानावर नव्वद टक्के पुरत नाहीत.

म्हणून जे शिकलो ते सांगतो, कारण खेळाच्या बाकी कुठल्याही भागापेक्षा इथे शिकण्यासारखं जास्त आहे.

कडेपासून सुरुवात करायची. कडेला लागून उघडी घरं असतील आणि त्यांत ओळीने १, १ असे आकडे असतील तर पहिल्या आकड्याला दोनच बंद घरं शिवतात, दुसऱ्याला तीन. पहिल्याचा सुरुंग त्या दोनांत आहे, ती दोन घरं दुसऱ्यालाही शिवतात, त्यामुळे दुसऱ्याचा कोटा तिथेच भरला. तिसरं घर बिनधोक. हे एकदा डोळ्यात बसलं की मैदानाचा बराच भाग न थांबता उघडता येतो.

मग १, २ शेजारी-शेजारी. सरळ भिंतीसारखी बंद घरांची रांग समोर असेल, तर १ ला शिवणाऱ्या तीन घरांत सुरुंग एकच. त्यातली दोन घरं २ ला शिवतात. त्या दोनांत फार तर एक. मग २ चा दुसरा सुरुंग त्याच्या पलीकडच्या, १ ला न शिवणाऱ्या घरातच असणार. याच हिशेबाने १, २, १ अशी तीन घरं दिसली की दोन्ही १ च्या समोर सुरुंग आणि २ च्या समोर मोकळं. माझ्या मते माइनस्वीपरमधला हा सर्वांत देखणा आकृतिबंध. तो दिसला की मी मुद्दाम एक क्षण थांबतो आणि मग २ च्या समोरचं घर उघडतो.

या दोन-तीन गोष्टींवर छोटं मैदान बहुतेक वेळा निघतं. खेळातली मैदानं संगणकावरच्या तज्ज्ञ पातळीच्या, १६ गुणिले ३० घरं आणि ९९ सुरुंग असल्या, जवळपासही जात नाहीत. तरी अडतं. रिचर्ड के या गणितज्ञाने २००० साली सिद्ध केलं की माइनस्वीपरचा एखादा अर्धवट उघडलेला पट सुसंगत आहे की नाही हे ठरवणं संगणकशास्त्रातल्या एनपी-कम्प्लीट म्हणवल्या जाणाऱ्या अवघड गोटात बसतं. कॅप्टनबाईंना त्याचं काय, पण मला धीर आला: अडलो तर तो माझा मंदपणाच असेल असं नाही.

अडल्यावर उरलेल्या सुरुंगांची मोजणी करायची. शेवटच्या चार-पाच बंद घरांत आकडे काही सांगत नसले, तरी एकूण सुरुंगांतून सापडलेले वजा केले की कधी कधी कोडं सुटतं. आणि कधी नाही सुटत. कोपऱ्यात दोन घरं, सुरुंग एक, आणि दोन्ही शक्यता तंतोतंत सारख्या. तिथे कुठलंही शास्त्र चालत नाही, नाणं उडवावं लागतं. अशी तीन नाणी एका कारकिर्दीत उडवावी लागली तर जगण्याची शक्यता आठात एक. या बाबतीत माझा एक नियम होता: नाणं उडवण्याआधी बाकीचं सगळं मैदान संपवायचं. कारण दुसऱ्या टोकाकडून एखादा आकडा उघडला तर नाण्याची गरजच उरत नाही, असं बरेचदा होतं. नियम नीट पाळला तर नाणी कमी होतात. शून्य होत नाहीत.

काही जण हरायची वेळ आली की अॅपच बंद करून टाकतात आणि पुन्हा उघडतात. प्रत्येकाने आपापलं बघावं. मला तसं करून मिळालेला जनरल नको होता.

हेही मनात येत राहिलं की खऱ्या मैदानात आकडे नसतात. खरे सुरुंग काढणारे लोक धातुशोधक यंत्र घेऊन फूट-फूट जमीन तपासतात, कुत्रे वापरतात, आणि कंबोडियात तर आफ्रिकन पिशवीवाले उंदीर वापरतात. त्यातल्या मगावा नावाच्या उंदराला २०२० मध्ये ब्रिटनमधल्या पीडीएसए या प्राण्यांसाठीच्या संस्थेने सुवर्णपदक दिलं. युद्ध संपून कित्येक वर्षं झाली तरी ते सुरुंग तिथे शेतकऱ्यांची वाट बघत असतात. बिटलाइफमध्ये मैदान साफ झालं की पुढच्या ओळीत तुमची पाठ थोपटली जाते आणि ते मैदान कुठलं, कुणाचं, हे पुन्हा कधी निघत नाही. खेळ आहे, त्याच्याकडून जास्त मागू नये. पण मला ते खटकलं हे नोंदवून ठेवतो.

कॅप्टनबाईंनी पहिलं मैदान १, २, १ वर काढलं. दुसऱ्या तैनातीत कोपऱ्यातलं नाणं आलं. मी बाकीचं मैदान संपवलं, मोजणी केली, काहीच निघालं नाही. फोन खाली ठेवला, खोलीत एक चक्कर मारली, परत येऊन डावीकडचं घर उघडलं. मोकळं निघालं. यात माझं कर्तृत्व काडीचं नाही.

मेजर, लेफ्टनंट कर्नल, कर्नल. या तीन पायऱ्यांमध्ये खूप वर्षं गेली आणि याच काळात दुसरीकडे गळती सुरू झाली. खेळात प्रत्येक नात्याची पट्टी असते आणि वेळ दिला नाही की ती दर वर्षी थोडी उतरते. आई, वडील, धाकटा भाऊ, पुढे नवरा, मग मुलगा. दर वर्षी प्रत्येकाशी बोलायचं, कुणाला भेट द्यायची, कुणाबरोबर सिनेमा बघायचा म्हटलं तर एका वर्षाला दहा-पंधरा टिचक्या लागतात. नोकरीची पट्टी मात्र दोन टिचक्यांत भागते. त्यामुळे कंटाळलेला खेळाडू काय गाळतो हे सांगायला नको. कर्नलबाईंचे वडील वारले त्या वर्षी मी सवयीने कामाचं बटण दाबून पुढे गेलो होतो, आणि अंत्यविधीची खिडकी उघडली तेव्हा त्यांच्या नात्याची पट्टी किती खाली गेली होती ते दिसलं. खेळ यावर काहीच बोलत नाही. पुढची ओळ कर्नलबाईंच्या कामगिरीची होती, उत्तम.

त्यानंतर मी घरच्यांना आधी आणि नोकरीला नंतर असा क्रम लावला. बढतीवर त्याचा काही परिणाम दिसला नाही. वेळ फक्त माझा जास्त गेला, आणि आनंदाची पट्टी वर आली. ती पट्टी खाली गेली की आजारपणं आणि नाराजीच्या खिडक्या मागे लागतात, त्यामुळे निव्वळ हिशेबी माणसालाही हा क्रम परवडतो.

कर्नलपदावर गाडी रुतली. कामगिरीची पट्टी भरलेली, वरिष्ठ खूश, तैनात्या पार, आणि तरी वर्षामागून वर्ष नुसतं हिरवं बटण. खऱ्या फौजेतही हीच ती जागा. ओ-६ पर्यंत शिडी असते, ओ-७ पासून बाटलीची मान. अमेरिकेत जनरलांच्या जागांना कायद्याने मर्यादा आहे आणि त्या नेमणुकांना सिनेटची मंजुरी लागते. शिवाय १९८० च्या एका कायद्याने तिथे ‘वर चढा नाहीतर बाहेर पडा’ अशी पद्धत पक्की केली. बढतीत ठरावीक वेळा डावललं गेलं की अधिकाऱ्याला गणवेश उतरवावा लागतो. माझ्या कर्नलबाईंना कुणी बाहेर काढलं नाही. कुणी वरही घेतलं नाही.

याच वर्षांत नको ते करावंसं वाटतं. नोकरीच्या पानावर न सांगता पळून जाण्याचा पर्याय असतो; पकडले गेलात तर खटला आणि तुरुंग. त्याकडे मी बराच वेळ बघत बसलो होतो हे खरं. इतकी वर्षं एक बटण न दाबता काढल्यावर ते बटण कसं दिसतं ते ज्याने पाहिलं त्यालाच ठाऊक. नोकरी सोडून राजकारणात जावं असंही वाटून गेलं. शेवटी मी फक्त एकच बदल केला: वरिष्ठ बदलले की लगेच त्याच वर्षी त्यांच्याशी ओळख वाढवायला सुरुवात करायची, दोन वर्षं थांबायचं नाही. त्याने फरक पडला की योगायोग होता, छातीठोक सांगणार नाही. पण ब्रिगेडियर जनरलची ओळ त्यानंतरच आली.

एक तारा. मग दुसरा, मेजर जनरल. इथे नवशिक्यांचा गोंधळ होतो, मेजरपेक्षा कॅप्टन लहान आणि लेफ्टनंट त्याहून लहान, मग लेफ्टनंट जनरल हा मेजर जनरलच्या वर कसा? आहे खरा, दोन ताऱ्यांवर मेजर जनरल, तीनवर लेफ्टनंट जनरल. नौदलात जाल तर आणखी मजा, तिथला कॅप्टन ओ-६, म्हणजे लष्करातल्या कर्नलच्या बरोबरीचा. लष्करातल्या कॅप्टनने त्याला ‘अरे कॅप्टन’ म्हणून बघावंच.

मेजर जनरलबाईंना पुन्हा तैनातीचा आदेश आला तेव्हा मला हसूच आलं. दोन ताऱ्यांचा अधिकारी स्वतः गुडघ्यावर बसून सुरुंग काढतोय! हुद्दा वाढला तरी खेळाकडे देण्यासारखं काम एकच आहे. आणि ते मैदान सगळ्यांत वाईट निघालं. मधोमध ३ आणि ४ चे आकडे, कडेला काहीच उघडं नाही. एवढी वर्षं खर्ची पडलेली, त्यामुळे बोट जड झालं होतं. मी कागद घेतला, जाळी काढली, प्रत्येक संशयित घरावर फुली मारत गेलो. अर्धा पाऊण तास गेला असेल. एका जागी दोन शक्यता कागदावर पूर्ण मांडल्या. दुसऱ्या शक्यतेत एका २ ला तीन सुरुंग शिवत होते, म्हणजे ती बाद. बाकीचं मैदान त्या एका धाग्याने उसवलं. नाणं उडवावं लागलं नाही.

लेफ्टनंट जनरल, आणि काही वर्षांनी जनरल. चार तारे. याच्या वर खेळात काही दिसलं नाही, आणि खरं तर अमेरिकेतही आता नाही. पाच ताऱ्यांच्या हुद्द्यावर १९५० मध्ये ओमर ब्रॅडली चढले, ते शेवटचे. जनरलबाईंचं वय तेव्हा साठीला टेकलं होतं. तुलनेसाठी मी शोधून काढलं: अमेरिकी फौजेतल्या पहिल्या चार तारे मिळवणाऱ्या बाई, अॅन डनवुडी, १९७५ मध्ये अधिकारी झाल्या आणि २००८ मध्ये जनरल. तेहतीस वर्षं. माझ्या बाईंना त्याहून थोडी जास्त लागली. डनवुडींच्या आधी त्या फौजेत चार तारे मिळवणारी एकही स्त्री नव्हती, हा अडथळा खेळात कुठेच नव्हता. तिथे मुलगी निवडली काय नि मुलगा निवडला काय, शिडी तीच.

जनरल झाल्यावर मी तिला लगेच निवृत्त केलं. आणखी एक तैनाती येऊ शकत होती, आणि मिळवण्यासारखं काही उरलं नव्हतं. पेन्शन सुरू झाली, कर्ज नव्हतंच. मोकळी वर्षं मिळाल्यावर नवऱ्याशी आणि मुलाशी असलेल्या पट्ट्या दोन-तीन वर्षांत भरल्या. धाकट्या भावाची मात्र शेवटपर्यंत अर्ध्यावर आली नाही. मुलगा तेव्हा फॅशनच्या दुकानात कामाला होता. खेळात आई गेल्यावर मुलाचं आयुष्य पुढे चालवता येतं, आणि त्याच्या बुद्धीची पट्टी बघता पदवी सहज झाली असती. पण त्याच्या नावावर विशीतल्या दारू पिऊन गाडी चालवल्याची नोंद होती, त्यामुळे नौदलाचा माझा बेत तिथेच संपला. कॅप्टन म्हणजे ओ-६ हे प्रकरण बघायला नव्याने जन्म घ्यावा लागेल.